भुंगा मारण्यापूर्वी ओळखावा

कोकणातील कोणत्याही वाडीत घडू शकेल असा हा प्रसंग आहे. गावपातळीवरील कार्यकर्ता नारळीच्या बागा पाहण्यासाठी आला असता एक वृद्ध बागायतदार आपल्या गोठ्यात वाशाखाली उभे राहून, तापविलेली सळई लाकडातील एका भोकात खुपशीत होते. खाली जमिनीवर पिवळसर भुसा पडला होता आणि त्या भुशात तीन-चार मोठे काळेभोर भुंगे मरून पडले होते.

“काका, हे काय चालविले आहे?” कार्यकर्त्याने विचारले.

“तुमचेच ऐकतो आहे. मागल्या सभेत तुम्हीच सांगितलेत ना, भुंगा हा नारळाचा वैरी, दिसेल तेथे मारा म्हणून? माडावरचे हाती लागत नाहीत. गोठ्यातले तरी मारतो.”

कार्यकर्ता क्षणभर निरुत्तर झाला. सभेत दिलेला सल्ला खोटा नव्हता, परंतु अपुरा होता. नारळाचा वैरी असलेला भुंगा निराळा आणि काकांच्या सळईने मेलेला भुंगा निराळा. पहिला माडाचा कोवळा कोंब कुरतडतो. दुसरा माडाच्या वाटेलाही जात नाही. उलट काकांच्याच परसातील शेवगा, वांगी व भोपळा यांना फळ धरण्याच्या कामी तो दररोज राबत असतो. नाव एक असल्यामुळे शिक्षा भलत्यालाच झाली होती.

ही चूक एकट्या काकांची नाही. आपल्या भाषेत ‘भुंगा’ हा शब्द कितीतरी कीटकांसाठी वापरला जातो. सबब कोणता भुंगा मारावयाचा व कोणता राखावयाचा, हे प्रत्येक शेतकऱ्याला आणि त्याहूनही अगोदर त्याला सल्ला देणाऱ्या कार्यकर्त्याला नेमके ठाऊक असणे अगत्याचे आहे.

एक नाव, अनेक कीटक

नारळावरील गेंड्या भुंगा, माडाचे खोड आतून पोखरणारा सोंड्या भुंगा, हुमणीचे भुंगेरे आणि तुरीची फुले खाणारे पट्टेरी भुंगेरे, हे सारे एका मोठ्या गटातील कीटक होत. त्यांच्या पाठीवर कठीण कवचासारखे दोन पंख असतात. हे पंख पाठीच्या मध्यावर सरळ रेषेत एकमेकांस भिडलेले असतात आणि उडण्याचे पातळ पंख त्याखाली घडी घालून ठेवलेले असतात.

फुलांवर गुणगुणणारा आणि वाळक्या लाकडात घर करणारा भुंगा मात्र मुळीच या गटातील नाही. तो मधमाशीचा भाऊबंद आहे. त्याला चार पातळ, पारदर्शक किंवा धुरकट पंख असतात व पाठीवर कवच नसते. लाकूड कोरण्याच्या त्याच्या कसबामुळे त्याला ‘सुतार भुंगा’ म्हणणे योग्य होईल. शास्त्रज्ञांनी त्याच्या कुळाला ‘झायलोकोपा’ असे नाव दिले असून ग्रीक भाषेत त्याचा अर्थही लाकूडतोड्या असाच होतो.

आपल्या पूर्वजांनी हा भुंगा बारकाईने पाहिला होता. ज्ञानेश्वरीच्या पहिल्या अध्यायात अर्जुनाच्या मोहाचे वर्णन करताना भ्रमराचा दृष्टांत आला आहे. टणक लाकडाला भोक पाडण्याची ताकद असलेला हा जीव कमळाच्या नाजूक पाकळ्यांत मात्र अडकून राहतो, असा त्याचा आशय आहे. लाकूड कोरणारा आणि फुलात रमणारा कीटक एकच, हे ज्ञान त्या काळी येथील लोकांना होते. आज मात्र आपण त्याला नारळाच्या किडीच्या रांगेत नेऊन बसवितो.

इंग्रजी पुस्तकांतील ‘बंबल बी’ ती ही नव्हे

शेतीच्या परदेशी पुस्तकांत ‘बंबल बी’ नावाच्या मोठ्या केसाळ माशीचे वर्णन येते. ते वाचून पुष्कळ सुशिक्षित तरुण आपल्याकडील भुंग्यालाच बंबल बी समजतात. ही समजूत बरोबर नाही. बंबल बी ही मुख्यतः थंड प्रदेशात राहणारी माशी आहे. भारतात तिचे वास्तव्य हिमालयाच्या रांगांत, काश्मीर व हिमाचलपासून सिक्कीम व अरुणाचलपर्यंत आहे. सिक्कीममधील मोठ्या वेलदोड्याचे परागीकरण मुख्यत्वे तीच करते. महाराष्ट्राच्या उष्ण मैदानात ती आढळत नाही.

दोहोंतील भेद सोपा आहे. बंबल बीचे पोटही दाट केसांनी झाकलेले असते. सुतार भुंग्याचे पोट मात्र वरून जवळजवळ केसविरहित, काळे व तकतकीत असते. बंबल बी राणी व कामकरी माश्यांसह वसाहत करून बहुधा जमिनीतील बिळात राहते. सुतार भुंग्यात कामकरी जातच नसते. प्रत्येक मादी आपले घर व आपली पिले यांची व्यवस्था बहुतांशी स्वतःच पाहते.

ओळखण्याच्या खुणा

आपल्याकडे सुतार भुंग्याच्या अनेक जाती आहेत. सर्वांत ठळक दिसणारी जात झायलोकोपा लॅटिपेस ही होय. तिची लांबी सुमारे साडेतीन सेंटिमीटर भरते. अंग संपूर्ण काळे असून उन्हात पंखांवर निळी, जांभळी व हिरवट झाक चमकते. जगातील मोठ्या मधमाश्यांत तिची गणना होते. झायलोकोपा फेनेस्ट्राटा ही हिच्याहून लहान व काळीच असते. झायलोकोपा एस्ट्युअन्स व तिला अगदी जवळची प्युबेसेन्स यांच्या मादीच्या छातीवर हळदीसारखे पिवळे केस असतात व पोट काळे असते. त्यांचा नर मात्र सर्वांगी पिवळसर दिसतो. त्यामुळे नर व मादी या दोन निराळ्या जाती असाव्यात असा भास होतो.

शेतात मात्र जातीचे शास्त्रीय नाव शोधीत बसण्यापेक्षा पुढील चार खुणा पाहाव्यात.

पहिली खूण पाठीची. पाठीवर कठीण कवच असेल तर तो सुतार भुंगा नव्हे.

दुसरी खूण डोक्याची. गेंड्या भुंग्याच्या डोक्यावर गेंड्याप्रमाणे मागे वळलेले शिंग असते. सोंड्या भुंगा तांबूस रंगाचा असून त्याला पुढे लांब सोंड असते. सुतार भुंग्याला शिंगही नसते व तशी सोंडही नसते.

तिसरी खूण वेळेची. गेंड्या भुंगा रात्री उडतो व दिव्याकडे येतो. सुतार भुंगा बहुधा दिवसा, लख्ख उन्हात फुलांवर दिसतो आणि त्याच्या पायांवर व छातीखाली पुष्कळदा परागाची पिवळी धूळ माखलेली असते.

चौथी खूण भोकाची. गेंड्या भुंग्याचे भोक जिवंत माडाच्या शेंड्यात असते, त्यातून चघळलेला चोथा बाहेर आलेला दिसतो व पुढे झावळी उमलली की ती कात्रीने कापल्यासारखी दिसते. सुतार भुंग्याचे भोक वाळलेल्या लाकडात किंवा बांबूत असते. ते बोटाएवढे रुंद, गिरमिटाने पाडावे तसे वाटोळे व स्वच्छ असते आणि त्याखाली जाडसर भुसा साचतो. बारीक टाचणीएवढी असंख्य भोके व पिठासारखी भुकटी दिसल्यास तो लाकूड खाणाऱ्या घुणकिड्यांचा उपद्रव समजावा. त्यात सुतार भुंग्याचा हात नसतो.

लाकडातील घर

सुतार भुंगा लाकूड खात नाही. ही गोष्ट पुष्कळांना नवी वाटेल. मादी आपल्या बळकट जबड्यांनी लाकूड केवळ कोरते व भुसा बाहेर टाकते. भोक प्रथम आडवे आत जाते, नंतर लाकडाच्या शिरांच्या दिशेने वळते आणि तेथे लांब नळीसारखी वाट तयार होते. बांबूत तर पोकळी आयतीच असल्याने तिचे श्रम वाचतात.

या वाटेच्या टोकाशी ती पराग व मकरंद मळून एक गोळा ठेवते, त्यावर एकच अंडे घालते आणि भुशाच्या लगद्याची चकती करून ती कोठडी बंद करते. त्यापुढे दुसरी कोठडी, मग तिसरी, असा क्रम चालतो. अंड्यातून निघालेली अळी तो गोळा खाऊन वाढते, कोशात जाते व प्रौढ होऊन बाहेर पडते. या सर्वांस साधारणपणे दीड-दोन महिने लागतात. नवे भुंगे बाहेर आले तरी ते काही काळ त्याच घरात राहतात. जुनीच घरे साफ करून पुढील पिढ्या वापरतात. म्हणून एकाच वाशात वर्षानुवर्षे भुंगे दिसतात.

येथे एक महत्त्वाची गोष्ट ध्यानी घ्यावी. मधमाशीची राणी भर हंगामात एका दिवसात हजारावर अंडी घालते. सुतार भुंग्याची मादी एका खेपेस मोजकीच, बहुधा दहाच्या आत पिले वाढविते. सबब पोळ्यातील शे-दोनशे मधमाश्या मेल्या तर त्या लवकर भरून निघतात. एका वाशातील चार माद्या मारल्या तर मात्र त्या परसातील तूट भरून यावयास फार काळ लागतो.

त्याच्या डंखाची भीतीही अनाठायी आहे. माणसाच्या तोंडासमोर येऊन घोंगावणारा व एकाच जागी अधांतरी थांबणारा भुंगा बहुधा नर असतो. तो आपल्या हद्दीची राखण करीत असतो. नराला नांगी नसते. मादीला नांगी असते, परंतु तिला मुठीत धरले किंवा चिरडले तरच ती दंश करते. मुलांना तेवढे सांगून ठेवले म्हणजे पुरे.

शेतीला होणारा उपयोग

सुतार भुंगा आपल्याला मध देत नाही. त्याची खरी मजुरी फुलांत आहे आणि ती मोठ्या अंगाच्या कीटकालाच जमणारी आहे.

वांग्याचे फूल पाहावे. त्याचे पुंकेसर मधमाशीला उघडे मिळत नाहीत. पराग बंद नळ्यांत असतो व नळीच्या टोकाशी केवळ लहानसे छिद्र असते. सुतार भुंग्याची मादी हे पुंकेसर पायांनी कवटाळते आणि छातीचे स्नायू थरथरवून मोठा गुंजारव करते. त्या कंपनाने पराग मिठाच्या डबीतून मीठ पडावे तसा बाहेर उडतो. आपल्या पाळीव सातेरी मधमाशीला ही विद्या अवगत नाही. टोमॅटो व तरवड यांच्या फुलांचीही रचना अशीच आहे. शाळेतील नादकाटा वाजवून टोमॅटोच्या पूर्ण उमललेल्या फुलास लावला तर पराग कसा झडतो हे मुलांनाही दाखविता येते. परदेशात काचघरातील टोमॅटोची फुले पूर्वी मजुरांकरवी विजेच्या यंत्राने हलवीत असत. १९८७ च्या सुमारास बेल्जियममध्ये त्या कामासाठी बंबल बी पाळून विकण्यास सुरुवात झाली आणि ही पद्धत अनेक देशांत रूढ झाली. तेथे ज्यासाठी पैसे मोजावे लागतात, ते काम आपल्या परसात हा भुंगा विनामूल्य करतो.

तागाची गोष्ट याहून बोलकी आहे. हिरवळीच्या खतासाठी ताग पेरणाऱ्यास परागीकरणाची काळजी नसते, पण बियाण्यासाठी ताग घेणाऱ्यास ती असते. तागाच्या फुलात मोठी माशी बसून स्त्रीकेसराचे टोक घासले गेल्याशिवाय बी नीट धरत नाही. हे काम मुख्यतः सुतार भुंगे व पाने कापणाऱ्या माश्या करतात. फुलोरा भरगच्च, पण घाटे मोजके, अशी तक्रार तागाच्या बियाण्याच्या शेतात आढळल्यास खताबरोबर माश्यांचीही चौकशी करावी.

तुरीचे फूल बंद होडीसारखे असते. भुंगा त्यावर बसला की त्याच्या भाराने होडी खाली दबते व आतील केसर उसळून त्याच्या पोटाला घासतात. तूर स्वतःच्या परागानेही शेंग धरते हे खरे. परंतु संकरित तुरीच्या बीजोत्पादनात नर वाणाचा पराग मादी वाणापर्यंत नेण्यास कीटकांवाचून मार्ग नाही. हैदराबादजवळील इक्रिसॅट संस्थेच्या प्रयत्नांतून १९९१ साली आय. सी. पी. एच. ८ ही तुरीची पहिली संकरित जात प्रसृत झाली, तीही मुळात अशा कीटकांच्या कामगिरीवरच उभी होती. त्याचबरोबर शुद्ध वाणाचे बियाणे धरणाऱ्याने शेजारील दुसऱ्या वाणापासून अंतर का राखावयाचे, याचेही उत्तर याच भुंग्यात आहे.

शेवगा, भोपळा, कृष्णकमळाच्या जातीचे पॅशन फळ आणि बांधावरील गिरिपुष्प यांच्या फुलांवरही सुतार भुंगे नेमाने येतात. पॅशन फळाचे फूल एवढे मोठे असते की लहान मधमाशी मकरंद पिऊन जाते, तरी तिचे अंग केसरांना लागतच नाही. ब्राझीलमध्ये जेथे भुंगे नाहीसे झाले तेथे बागायतदारांना मजूर लावून हाताने परागीकरण करावे लागते.

याचे काही काम रात्रीही चालते. भीमाशंकरच्या अरण्यात हेमा सोमनाथन व रेनी बोर्जेस यांनी केलेल्या अभ्यासात वारस वृक्षाच्या फुलांचे परागीकरण सुतार भुंगे रात्री करतात असे दिसून आले व ते २००१ साली प्रसिद्ध झाले. पुढे २००८ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात झायलोकोपा ट्रँक्वेबॅरिका ही जात केवळ चांदण्यांच्या उजेडातही रंग ओळखते असे सिद्ध झाले. सह्याद्रीच्या कुशीतील हा कीटक या गुणामुळे जगातील शास्त्रज्ञांच्या कुतूहलाचा विषय झाला आहे.

नुकसान किती आणि उपाय काय

सुतार भुंग्याचे दोषही सांगितले पाहिजेत. काही लांब नळीच्या फुलांना तो बुडाशी छिद्र पाडून मकरंद चोरतो व परागीकरण करीत नाही. वासे, तुळया व मांडवाचे बांबू तो कोरतो. एक-दोन भोकांनी घर पडत नाही, परंतु तेच लाकूड पिढ्यान् पिढ्या कोरले गेल्यास ते कमकुवत होते. शेतकऱ्याला राहत्या घराची काळजी वाटणे रास्तच आहे.

तथापि यावर सळई व विष हा उपाय नव्हे. भुंग्याला रंग दिलेले लाकूड आवडत नाही. उघड्या वाशांस व तुळयांच्या टोकांस रंगाचा किंवा व्हार्निशचा पक्का हात द्यावा. जुनी भोके बुजवावयाची झाल्यास प्रथम दोन-तीन दिवस पाहून ती रिकामी असल्याची खात्री करावी आणि मग लाकडी खुंटी ठोकून बंद करावीत. आत भुंगे असताना तोंड बुजविले तर ते दुसरीकडून कोरून बाहेर येतात व नुकसान वाढते.

त्याच वेळी भुंग्याला दुसरी जागा द्यावी. बोटाएवढी पोकळी असलेल्या वाळक्या बांबूचे वीतभर किंवा थोडे अधिक लांब तुकडे करावेत. प्रत्येक तुकड्याचे मागील तोंड पेराने बंद व पुढील उघडे असावे. असे दहा-पंधरा तुकडे एकत्र बांधून ती जुडी शेताच्या कडेला, छपराच्या किंवा दाट झाडाच्या आडोशास, पावसाचे पाणी आत जाणार नाही अशा बेताने आडवी टांगावी. बांधावरील एखादी वाळकी फांदी किंवा मऊ लाकडाचा ओंडका सरपणात न घालता तसाच राहू द्यावा. बांधावर तरवड, गिरिपुष्प व रुई असू द्यावी. पिकाला फुले नसतात त्या दिवसांत भुंग्यांचे पोट त्यांवर चालते.

नारळावरील गेंड्या भुंग्याचा बंदोबस्त मात्र अवश्य करावा. माडाच्या शेंड्यातील भोकात आकडी घालून तो काढून मारावा. वरच्या झावळ्यांच्या बेचक्यांत वाळू व निंबोळी पेंड समप्रमाणात मिसळून घालावी. त्याच्या अळ्या शेणखताच्या खड्ड्यात वाढतात, म्हणून खड्डा वरचेवर उकरून अळ्या वेचाव्यात व मेटारायझियम ही उपयुक्त बुरशी शेणखतात मिसळावी. सळई चालवावयाची तर ती येथे.

फवारणीच्या वेळी

तूर फुलावर आली की शेंगा पोखरणारी अळी येते आणि फवारणीची घाई होते. याच वेळी शेतात भुंग्यांची सर्वांत अधिक वर्दळ असते. अळ्या मोजल्याशिवाय औषध फवारू नये. गरज पडल्यास प्रथम पाच टक्के निंबोळी अर्क वापरावा. रासायनिक औषध अपरिहार्य झाल्यास शिफारस केलेलेच औषध, शिफारशीच्या प्रमाणात, संध्याकाळी उशिरा, भुंगे घरी परतल्यावर फवारावे. सकाळी फुलांवर माश्या असताना फवारा मारणे म्हणजे आपल्याच मजुरांवर विष टाकणे होय. तुरीची फुले खाणारे पट्टेरी भुंगेरे थोडे असतील तर हातमोजे घालून किंवा जाळीने पकडून रॉकेल मिसळलेल्या पाण्यात टाकावेत. त्यांच्या अंगातील रसाने कातडीवर फोड येतात, म्हणून उघड्या हाताने धरू नयेत.

कार्यकर्त्यांनी ध्यानी घ्यावे

गावच्या सभेत बोलताना नुसता ‘भुंगा’ हा शब्द वापरू नये. ‘गेंड्या भुंगा’, ‘सोंड्या भुंगा’, ‘सुतार भुंगा’ असे पूर्ण नाव उच्चारावे. शक्य असेल तेव्हा मेलेला गेंड्या भुंगा व मेलेला सुतार भुंगा काचेच्या दोन बाटल्यांत घालून सोबत न्यावा आणि लोकांना पाठीचे कवच व पंख स्वतः पाहू द्यावेत. दहा व्याख्यानांनी पटत नाही ते दोन बाटल्यांनी पटते.

वरील प्रसंगातील कार्यकर्त्यानेही हेच केले. माडाखाली पडलेला एक गेंड्या भुंगा त्याने शोधून आणला आणि गोठ्यातील मेलेल्या भुंग्याशेजारी काकांच्या तळहातावर ठेवला. काकांनी दोन्ही उलटेसुलटे करून पाहिले. एकाच्या डोक्यावर शिंग होते. दुसऱ्याच्या पायांवर शेवग्याच्या फुलांची पिवळी धूळ अजून तशीच होती.

“म्हणजे हा शेवग्यावरून घरी परतला होता,” काका हळूच म्हणाले.

त्यांनी सळई भिंतीशी टेकून ठेवली. वाशात एक भोक अजून शिल्लक होते व त्यातून बारीक गुणगुण ऐकू येत होती. ते भोक त्यांनी तसेच राहू दिले.